गाडीवाट

मोडी वाचणारं इथं आता फारसं कोणी उरलं नाही,
म्हणून समन्स माझ्या नावानं आलं.
अभिलेखागारातून सुटून मला सहा वर्षं झाली.
चष्म्याचा नंबर बदलला, अक्षरांची वळणं तीच.

कागद तळहाताएवढा, एक कड वाळवीनं नेलेली.
'सदरहू गल्लीतून भरली गाडी एक जाई येई
इतकी वाट मोकळी राखावी.
कोणी ओटा पुढे घेऊ नये.'
कोर्टात वाचलं, मग त्याचं हिंदी करून दिलं.
टायपिस्टनं 'वाट'चं 'बाट' केलं,
बाट म्हणजे तराजूतलं वजन.
ते निस्तरायला एक तारीख गेली.

बोहराशेठचे वकील उठले. लोखंडाचे व्यापारी ते,
गल्लीच्या टोकाला त्यांचं गोदाम.
मॅडम, गाडी म्हणजे?
बैलगाडी.
बैल लिहिलाय का कुठं?
नाही.
ट्रकला आपण काय म्हणतो?
गाडीच.
घरून फोन आला, गाडी आली का,
तर तुम्ही बैल शोधायला निघता?
सगळे हसले. जजसाहेबही, पंख्याकडे बघत.

माझा जन्म शब्द लावण्यात गेला.
शब्द रुंद किती, हे कोणी विचारलं नव्हतं.
शाईत मोजला तर बोटभर.
कमिशनरच्या फितीत गल्ली नऊ फूट सात इंच,
तेलंगांच्या ओट्यापाशी नऊ फूट दोन.
आणि दहाचाकी गाडी आरसे मिटून आठ फूट चार,
सळयांच्या शेपटीला लाल फडकं.

त्या रात्री मी एकटीच लष्करात गेले, गल्ली बघायला.
दहाला नो-एंट्री उठते.
सव्वादहाला गल्लीच्या तोंडाशी इंजिन धापा टाकत उभं,
कपाटांवरच्या बरण्या घराघरात किणकिणल्या,
कुणी खिडकीतून वाळत घातलेलं पातळ आत ओढलं.
आणि मुकुंदराव तेलंग, दाव्यातले वादी,
ताटावरून उठून, उष्ट्या हातानं, बंडीत,
टॉर्च घेऊन ओट्यावर आले.

आने दो.
आने दो.
थोडा बाएं. अरे बायाँ, रामऔतार, दायाँ नहीं!
बस.
टॉर्चचा उजेड चाकावरून दगडावर, दगडावरून चाकावर,
मधली फट चार बोटं.
तीनदा तो कोपरा गेला होता, अर्जात तारखांसकट आहे.
टॉर्चचं अर्जात नाही.
अकरा वर्षं रोज रात्री
ज्या गाडीवर दावा, तिलाच हे आत घेतायत.

केबिनमधून रामऔतार वाकला.
बाबूजी, पेशी कब है?
मंगल को.
तो मंगल को नहीं लाएंगे, आप थके रहोगे.
मग मुकुंदरावांनी मला पाहिलं,
आणि टॉर्च मागे लपवली,
शाळेत कॉपी पकडलेल्या मुलासारखी.
कोर्टात सांगू नका, म्हणाले, केस हलकी होईल.

मंगळवारी मी पुन्हा पिंजऱ्यात.
उलटतपासणी 'गाडी'वरच अडलेली,
भरली म्हणजे किती भरली, एक म्हणजे एकावेळी की दिवसात.
मी त्या दुसऱ्या ओळीकडे बघत होते.
'राखावी.'
कोणी राखावी, ते लिहिणाऱ्यानं लिहिलंच नाही.
सरकारनं, शेठनं, की ज्याचा ओटा त्यानं?
मराठीत असं चालतं,
कर्ता गाळून हुकूम सोडता येतो,
आणि कोणीतरी ताटावरून उठतं.
हे मला कोणी विचारलं नाही.
विचारलं असतं तर हिंदीत कसं केलं असतं, ठाऊक नाही.

व्हाउचरवर सही केली, जाण्यायेण्याचे एकशे ऐंशी.
पुढची तारीख सोळा.

परवा मुकुंदरावांना ताप होता, सून म्हणाली.
कोपरा पुन्हा निघालाय.
रामऔतारनं खाली उतरून
तुकडे गोळा करून ओट्यावर रचून ठेवलेत,
मोठा खाली, लहान वर.